कचेरीची मराठी

तालुक्याच्या कचेरीसमोर चिंचेच्या झाडाखाली पत्र्याची शेड आहे. शेडमध्ये पाच टेबलं, आणि त्यातलं फाटकाला सगळ्यात जवळचं टेबल बुद्धभूषण बनगेचं. बाकीचे चौघे दाखले, वाटण्या, वारसनोंदी असलं काय काय लिहून देतात. भूषणही पूर्वी तेच लिहायचा. पण गेली पंधरा वर्षं त्याचं नाव एकाच कामासाठी घेतलं जातं. वाळूचा ट्रॅक्टर धरला, मुरमाचा डंपर कचेरीत नेऊन लावला, की गावोगावी एकच सल्ला मिळतो, "वकीलबिकील मागनं बगा, आदी भूषणभाऊकडं जावा."

आणि भूषणभाऊ गाडी सोडवायचाच. कुणाचे पाय धरून नाही, कुणाचा खिसा गरम करून नाही. फक्त अर्ज लिहून. त्याच्या लॅपटॉपवर 'गाडी' नावाची एक फाईल होती. नाव, गाव आणि गाडीचा नंबर अशा तीन जागा रिकाम्या, बाकी अर्ज तयार. पहिल्या वाक्यात गाडी कधी आणि कुठं धरली. दुसऱ्यात, 'सदरचा गुन्हा मला मान्य व कबूल असून त्याबाबत माझी कोणतीही तक्रार नाही.' तिसऱ्यात दंड भरायची तयारी. चौथ्यात जातमुचलका लिहून देण्याची तयारी, म्हणजे पुन्हा असं करणार नाही आणि बोलवाल तेव्हा गाडी हजर करीन, अशी लेखी हमी. शेवटी हात जोडून विनंती. हा अर्ज आत गेला की टेबलावरचा कारकूनसुद्धा सैलावून बसायचा. वाद नाही, तारीख नाही; तडजोड झाली, फाईल बंद.

ते दुसरं वाक्य भूषणनं उगाच घातलं नव्हतं. धंद्याच्या सुरुवातीला एका डंपरवाल्याचा अर्ज त्यानं लिहिला होता. माणूस खरा होता, परवाना होता, फक्त पावतीवरची वेळ टळून गेली होती. भूषणनंही उमेदीच्या जोरावर चार पानी खुलासा लिहिला. तो खुलासा या टेबलावरून त्या टेबलावर फिरत राहिला आणि डंपर आवारात दोन पावसाळे भिजला. गंजला. शेवटी त्याच्या हौद्यात करंजाचं रोप उगवलं. मालक एकदा येऊन भूषणच्या टेबलासमोर बसला, चहा प्याला आणि गेला. परत कधी आलाच नाही. डंपर आजही तिथंच आहे, आणि करंज माणसाच्या कमरेएवढा वाढलाय. नवं गिऱ्हाईक टेबलाशी येऊन "पर आमी चोरी केल्याली न्हाय ओ" म्हणायला लागलं, की भूषण काही बोलत नसे. फक्त मान वळवून त्या डंपराकडं बघे. गिऱ्हाईकही बघे. मग सही होई.

"गाडी सुटली की माणूस सुटलं," असं तो म्हणायचा. शेडमधले बाकीचे लोकही ते म्हणायला लागले होते.

जानेवारीत धोंडुबाई चौगले आली ती अशी, की आधी तिचा आवाज आला. फाटकावरच्या शिपायाला ती विचारत होती, माझा ट्रॅक्टर माझ्याच रानातनं माझ्याच रानात चालला हुता, तर तुमचं सायेब मधी कुठनं आलं? साठीची बाई. काष्ट्याचं लुगडं, पायात पुरुषी चपला, हातात प्लॅस्टिकची पिशवी. तिच्यामागं तिचा मुलगा ऋतुराज खाली मान घालून. ट्रॅक्टर तोच चालवत होता.

हकिकत साधी होती. करंबेवाडीत तिच्या वरच्या रानात विहीर खोदायचं काम चालू होतं. निघालेला मुरूम खालच्या रानातल्या चिखलाच्या वाटेवर टाकायचा होता. दोन रानांच्या मधून डांबरी रस्ता जातो. ऋतुराजनं ट्रॉली भरून रस्ता ओलांडला आणि तेवढ्यात महसूलचं पथक आलं. परवाना? नाही. पावती? नाही. रस्त्यावरच पंचनामा झाला आणि ट्रॅक्टर कचेरीत. ऊसतोडीची टोळी रानात बसून होती. कारखान्याची पाळी आलेली, आणि ऊस ओढायला ट्रॅक्टर नाही.

भूषणला ऐकता ऐकताच कळलं होतं. स्वतःच्या विहिरीचा मुरूम स्वतःच्या रानात टाकला, तर चोरी कसली? पण हे शाबीत करायचं तर खुलासा द्यावा लागणार, मंडल अधिकाऱ्यानं जागेवर जाऊन विहीर बघावी लागणार, त्याचा अहवाल यावा लागणार. महिना तर सहज. त्यानं तिला यातलं काहीच सांगितलं नाही. मान वळवली आणि डंपराकडं बघितलं.

धोंडुबाईनंही बघितलं. "झाड आलंय की त्यात," ती म्हणाली.

"दोन पावसाळ्यांत आलंय, आक्का."

मग भूषणनं तीन रिकाम्या जागा भरल्या, कागद काढला आणि वाचून दाखवला. वाचण्याची त्याची एक रीत होती. पहिलं वाक्य रेडिओवरच्या बातम्यांसारखं खणखणीत. दुसऱ्या वाक्याला आवाज तोच, पण वेग असा, की आडगावच्या थांब्यावरून एसटी न थांबताच जावी. तिसऱ्यापासून पुन्हा सावकाश. शंभरातली नव्व्याण्णव माणसं त्या थांब्यावर उतरत नसत.

धोंडुबाई उतरली. पेन हातात धरून ती थांबली.

"मान्य म्हंजी काय ओ, भाऊ?"

"कुठलं?"

"ते मदी म्हनलासा न्हवं, गुन्हा मला मान्य. म्हंजी मी केलाय म्हनून लिवून द्यायचं?"

ऋतुराज तिच्या मागून पुटपुटला, की आई, कर की सही, टोळी बसलीया. त्यांच्या मागं आणखी दोन माणसं नंबरला उभी होती. आत दुपारच्या जेवणाआधी अर्ज गेला, तर आजच नंबर पडणार होता. भूषण हसला. तो सगळ्यांशी हसायचा तसाच.

"आक्का, ही कचेरीची मराठी हाय. आपल्या घरातली न्हवं. हितं मान्य म्हंजी दंड भरायला हरकत न्हाय, एवढंच. बाकी काय न्हाय."

"एवढंच?"

"एवढंच."

धोंडुबाईनं मान डोलवली. कचेरीची भाषा वेगळी असते, हे तिला पटण्यासारखंच होतं. सातबाऱ्यावरचे शब्द तरी कुठं घरात कुणी बोलतं? तिनं कागद मांडीवर घेतला, एकेक अक्षर दाबत पूर्ण नाव लिहिलं, आणि खाली रेघ मारली.

चौथ्या दिवशी ट्रॅक्टर सुटला. पाचव्या दिवशी ऋतुराज भूषणच्या घरी स्टीलची किटली घेऊन आला. म्हैस व्यालेली, आईनं चीक पाठवलाय म्हणाला. भूषणच्या बायकोनं गूळ-वेलदोडा घालून खरवस केला. भूषणनं दोन वड्या जास्त खाल्ल्या.

दीड महिन्यानं ऋतुराज पुन्हा टेबलाशी आला. या वेळी किटली नव्हती. त्या अर्जाची एक प्रत पाहिजे, म्हणाला. कशाला, असं भूषणनं विचारलं, तर तो बाकावर बसला आणि टेबलाकडं बघत सगळं बोलला.

धोंडुबाई गावातल्या महिला दूध संस्थेची नऊ वर्षं चेअरमन होती. पाणी घातलेलं दूध पुतण्याचं असलं तरी परत पाठवणारी बाई, म्हणून लोक तिला निवडून देत. संस्थेतल्या दुसऱ्या गटाचा अमरसिंह, म्हणजे उपाध्यक्ष बाईंचा नवरा, त्यानं माहितीच्या अधिकारात अर्जाची नक्कल काढली. संस्थेच्या सभेत, दीडशे माणसांपुढं, उभा राहून त्यानं विचारलं, चेअरमनबाईंनी मुरूमचोरीचा गुन्हा मान्य केलाय, हे खरं का खोटं?

"मग?" भूषणनं विचारलं.

"मग काय. आई उठली. म्हनली, व्हय, मान्य केलाय. त्यात लपवायचं काय?"

भूषणनं लॅपटॉपचं झाकण खाली केलं.

ऋतुराज म्हणाला, सभेत सगळी एकमेकांकडं बघायला लागली. मग मागं कुणीतरी हसलं. आईला कळेना लोक असे का बघायला लागले. तिनं आणखी जोरात सांगितलं, की मान्य केलंय, चारचौघांदेखत सही केलीया, मी काय घाबरते व्हय कुणाला? ती जितकी ठासून बोलली तितकी सभा गप्प होत गेली. त्याच बैठकीत तिचा राजीनामा मागितला. तिनं दिला. दंड भरला म्हणून राजीनामा का मागतात, एवढंच ती घरी येऊन विचारत होती. शेवटी ऋतुराजच्या बायकोनं, तेजस्वीनं, तिला मान्य म्हणजे काय ते सांगितलं.

"तर आई म्हनली, न्हाय, कचेरीत त्येचा अर्थ येगळा असतोय. भूषणभाऊनी सांगितलंय." ऋतुराजनं पहिल्यांदाच वर बघितलं. "असतोय का ओ येगळा?"

भूषणच्या शेजारच्या टेबलावर स्टॅम्पवाला शिक्का मारत होता. त्याचा हात वरच थांबला होता.

"तू जा," भूषण म्हणाला. "प्रत मी काढून ठेवतो."

हे उत्तर नव्हतं. ऋतुराजलाही ते कळलं. तो गेला.

त्या दिवशी भूषणनं आणखी दोन अर्ज लिहिले. दोन्ही वेळा दुसरं वाक्य त्याच्या तोंडून अडखळत बाहेर आलं. एका डंपरवाल्यानं विचारलं, आवाज बसलाय काय, भाऊ? भूषण म्हणाला, व्हय, हवा बदललीया.

तो स्वतःला समजावत होता. ट्रॅक्टर सुटला ना? ऊस गेला ना? महिनाभर ट्रॅक्टर आवारात राहिला असता, तर हीच बाई त्याला शिव्या देत आली असती. अर्थ सांगितला म्हणजे काय पाप केलं? एक शब्द. सोपा करून सांगितला. पण तो शब्द सोपा करायची गरजच नव्हती, हे त्याला माहीत होतं. धोंडुबाईला मान्यचा अर्थ आधीपासून बरोबर ठाऊक होता. तिनं तो स्वतः उच्चारलाही होता, मी केलाय म्हणून लिवून द्यायचं? तिच्याजवळचा खरा अर्थ काढून घेऊन त्यानं खोटा हातात दिला होता. आणि तिनं तो जपून ठेवला, आणि भर सभेत काढून दाखवला.

रविवारी विहारात वंदना असते. भूषणचा आवाज चांगला, म्हणून पंचशील तोच सांगतो आणि मागून सगळे म्हणतात. पहिली तीन शीलं झाली. चौथ्याला, मुसावादा वेरमणी, त्याच्या तोंडून 'मुसावादा' बाहेर पडलं आणि पुढचं आलंच नाही. खोटं बोलण्यापासून अलिप्त राहण्याची प्रतिज्ञा मी करतो, एवढंच तर म्हणायचं होतं. मागं बायका, पोरं, म्हातारे थांबून राहिले. शेवटी पुढच्या ओळीतल्या आण्णांनी, जे नेहमी अर्धवट झोपेत असतात, बसल्या जागेवरून वाक्य पुरं केलं. सगळ्यांनी मागून म्हटलं. भूषणनं पाचवं शील सांगितलं तेव्हा त्याचा आवाज स्वच्छ होता. दारू त्यानं कधी घेतली नव्हती.

त्याची मुलगी संघप्रिया सरकारी दवाखान्यात नर्स आहे. विहारातून चालत घरी येताना तिनं विचारलं, काय झालंय? त्यानं सांगितलं. सगळं नाही, आधी थोडं, आणि ती गप्प राहिली म्हणून मग उरलेलं.

"आम्ही पण ऑपरेशनआधी सह्या घेतो, बाबा," ती म्हणाली. "त्यात लिहिलेलं असतं की जिवाला धोका होऊ शकतो. लोक विचारतात, सिस्टर, म्हणजे काय? सांगायला जीव नको होतो. वाटतं, म्हणावं, काही नाही हो, कागद आहे."

"मग काय सांगतेस?"

"जे लिहिलंय ते. कधीकधी माणूस सही न करता उठून जातं." ती त्याच्याकडं वळली. "तुमच्याकडनं किती उठून गेले?"

"एकबी न्हाय."

"तेच," संघप्रिया म्हणाली, आणि पुढं चालू लागली.

दंडाच्या निकालावर प्रांत साहेबांकडं अपील करता येतं. मुदत साठ दिवसांची, आणि भूषणनं मोजलं तर दहाच उरले होते. पण अपील करून उपयोग काय? जिथं माणसानं स्वतःच गुन्हा मान्य केलाय, तिथं वरचा साहेब विचारणार, की बाई, ही सही तुमची ना? सही तिचीच होती. रेघ मारून केलेली. अर्जातलं ते वाक्य तिचं नाही, हे सांगू शकणारा एकच माणूस होता. आणि त्यानं ते शपथेवर लिहून दिलं, तर पंधरा वर्षांचे सगळे अर्ज डळमळणार होते, कारण ते त्याच एका वाक्यावर उभे होते.

सोमवारी दुपारी तो करंबेवाडीला गेला. धोंडुबाई गोठ्यात पेंड कालवत होती. कोपरापर्यंत हात भरलेले. तिनं त्याला बघितलं, पाट सरकवून दिला आणि बसा म्हणाली. तेजस्वीला हाक मारून चहा टाकायला सांगितला. रीत तिनं सोडली नाही. चहा येईपर्यंत भूषण म्हशीकडं बघत राहिला.

मग तो म्हणाला, "आक्का, कचेरीत मान्यचा अर्थ येगळा नसतोय."

धोंडुबाईचा हात पेंडीत थांबला.

"तुमाला कवा कळलं?"

"कवा कळायचं? पहिल्यापासनं ठावंच हुतं."

"मी इचारलं तवा?"

"तवा बी."

तिनं हात बाहेर काढले, कडेच्या बादलीत धुतले, लुगड्याला पुसले. एवढा सगळा वेळ तिनं त्याच्याकडं बघितलं नाही. भूषण भराभर बोलायला लागला. ऊस, टोळी, डंपर, ट्रॅक्टर अडकला असता, मी तुमच्या भल्यासाठीच. घेतलेली फी परत करतो असंही म्हणाला. तेव्हा तिनं हात वर केला.

"पैशाचं काडू नगासा. तुमी फुकट लिवलं असतं तरी मला ह्येच म्हनायचं हुतं." ती दारातल्या दगडावर बसली. "मला चोर म्हनलं त्येचं दुख हाय, पर त्ये अमरसिंहाचं कामच हाय. मला दुख ह्येचं वाटतंय की मी सवता उठून म्हनले. कुणी माझ्या तोंडात घातलं न्हाय. मी छाती काडून म्हनले की ओ."

"मी घातलं, आक्का. तुमच्या तोंडात."

"व्हय. तुमी घातलासा."

तो म्हणाला, मी प्रतिज्ञापत्र करून देतो, अपील लावतो. विहिरीची जागा बघायला लावतो. वाक्य माझं हाय, अर्थ मी खोटा सांगितला, हे स्टॅम्पवर लिहून देतो.

"द्या," धोंडुबाई म्हणाली. "ते कराच. पर तो कागद वाचतंय कोन? माझ्या गावात कोन वाचतंय?" तिनं पहिल्यांदा त्याच्याकडं सरळ बघितलं. "मी जितं बोलले, तितं तुमी येऊन बोला."

"सभेत?"

"सभा आता वरसानं. डेअरीवर या. सकाळी सातला समदं गाव दूध घालाय येतंय."

भूषणनं हो म्हटलं. चहा तसाच राहिला होता, गार झालेला. तिनं तो उचलला आणि म्हशीच्या पाटीत ओतला.

प्रतिज्ञापत्र त्यानं 'गाडी' फाईलमधून नाही, कोऱ्या पानावर लिहिलं. पाऊण पान व्हायला अख्खी दुपार गेली. शेजारच्या स्टॅम्पवाल्यानं मुद्रांक दिला, मजकूर वाचला आणि विचारलं, डोकं ठिकाणावर हाय न्हवं? प्रांत कचेरीतला कारकून, जो एरवी भूषणभाऊ, बसा म्हणायचा, तो या वेळी उभाच ठेवून म्हणाला, की असं एक दाखल झालं की जुन्या दहा फायली लोक उघडायला सांगतील, विचार करा. भूषणनं अपील दाखल केलं. सुनावणी झाली तेव्हा साहेबांनी फार विचारलं नाही. हे वाक्य तुमचं? माझं. अर्थ तुम्ही सांगितला? मी सांगितला. का? लवकर व्हावं म्हणून, असं तो म्हणाला. साहेबांनी जागेची पाहणी करून फेरनिर्णय घ्यावा, असा आदेश दिला. कागदावर धोंडुबाईचं काम मार्गी लागलं होतं. परत शेडकडं येताना फाटकाशी तहसीलच्या कारकुनानं त्याला बघून न बघितल्यासारखं केलं.

राहिली होती डेअरी.

सकाळी सातला करंबेवाडीच्या संस्थेसमोर किटल्यांची रांग लागलेली असते. माणसं कमी आणि किटल्या जास्त. माणसं कट्ट्यावर बसून बोलतात, किटली नंबर धरते. भूषणनं मोटरसायकल लावली तेव्हा सगळ्यांनी ओळखलं. पावणं, ट्रॅक्टर कुणाचा धरला आज, असं कुणीतरी विचारलं आणि हशा झाला. धोंडुबाई रांगेतच होती, चेअरमनच्या खुर्चीत नाही, स्वतःच्या किटलीमागं. तिनं त्याला ओळख दाखवली नाही. सेक्रेटरी जोतीराम दुधाची फॅट मोजायच्या यंत्राशी वाकला होता. भूषणनं त्याला विचारलं, की दोन मिनिटं बोलू का. जोतीरामनं धोंडुबाईकडं बघितलं आणि यंत्र बंद केलं.

भूषणनं पायरीवर उभं राहून बोलायला सुरुवात केली, आणि पहिलंच वाक्य त्याच्या त्या बातम्यांच्या आवाजात बाहेर आलं. त्याचं त्यालाच ते नको वाटलं. तो थांबला. पायरीवरून खाली उतरला.

"धोंडुबाईंचा अर्ज मी लिवलाय," तो म्हणाला. "गुन्हा मान्य, हे माझं वाक्य. त्येंनी मला इचारलं, मान्य म्हंजी काय. मी खोटं सांगितलं. म्हनलं, कचेरीत त्येचा अर्थ नुसता दंड भरायला तयार, एवढाच. त्येंनी तुमच्या सभेत तोच अर्थ धरून सांगितलं. मुरूम त्येंच्या इहिरीचा हुता, हे मला सही घ्यायच्या आदी ठावं हुतं."

कट्ट्यावर बसलेला अमरसिंह उठला, किटली उचलली, मग पुन्हा खाली ठेवली. तो म्हणाला, की हे आदी सांगायला काय झालतं? आमाला काय सपान पडतंय? भूषण म्हणाला, न्हाय पडत. चूक माझी हाय. जोतीराम म्हणाला, पुढच्या मासिक बैठकीत विषय घेऊ. एक म्हातारी धोंडुबाईच्या जवळ सरकून काहीतरी कुजबुजली. धोंडुबाईनं मान हलवली, पण तिचं तोंड उजळलं वगैरे काही नाही. तिनं किटली पुढं ढकलली, कारण तिचा नंबर आला होता. जोतीरामनं यंत्र पुन्हा चालू केलं.

भूषणला वाटलं, झालं. हलकं वाटायला पाहिजे होतं. तो मोटरसायकलकडं वळला, तेव्हा रांगेच्या शेपटाकडून हाक आली.

"ओ भूषणभाऊ. थांबा की."

बाळासो होता. चार वर्षांपूर्वी वाळूच्या ट्रॅक्टरसाठी आलेला. भूषणला तो चेहऱ्यावरून आठवला नाही, आवाजावरून आठवला.

"माझ्या अर्जात बी तेच हुतं?"

"हुतं."

"मी तर इचारलं बी न्हाय तुमाला."

"न्हाय इचारलंस."

"माझं सोडा," बाळासो म्हणाला, आणि मागं कुणीतरी खुदकन हसलं. "मी खरंच उपसलीती. मला मान्यच हुतं, कुठल्याबी मराठीत. पर आमच्या धाकट्या भावानं, आदर्शनं, न्हवती काडली. त्यो टेम्पो भाड्यानं घिऊन खत आणाय गेलता, आदल्या फेरीची वाळू हौद्यात सांडल्याली तेवढीच. त्येची बी सही तुमीच घेतलासा."

आदर्श. भूषणनं आठवायचा प्रयत्न केला. पोरगेलासा, की दाढी असलेला? त्यानं काही विचारलं होतं का? सहीआधी थांबला होता का? काहीच आठवेना. फक्त तो पांढरा कागद आणि त्यातल्या तीन रिकाम्या जागा डोळ्यांपुढं आल्या, त्याही भरलेल्या.

"तो काय म्हनला हुता मला?" त्यानं विचारलं.

"त्ये मला काय ठावं? घरी येऊन म्हनला, झालं काम. त्येच्यानंतर एका कंपनीत नोकरीचा फारम भरताना गुन्हा हाय का असं इचारलंतं. आता काय लिवू, म्हनून त्यो हितं दोन दीस बसून हुता. मग लिवलं, हाय." बाळासोनं किटलीचं झाकण बसवलं. "न्हाय घेतलं त्येंनी."

धोंडुबाई पावती हातात घेऊन कडेला उभी होती. घरी जायची तिला घाई दिसत नव्हती.

"आता कुठं असतोय?" भूषणनं विचारलं.

"पुण्याकडं. हमाली करतोय एका गोडाऊनला."

भूषणनं खिशातला पेन काढला. कागद सापडेना, म्हणून डावा तळहात उघडला.

"नंबर सांग त्येचा," तो म्हणाला.

बाळासोनं मोबाईल काढून एकेक आकडा सांगितला, आणि भूषणनं तो लिहून घेतला. त्याचं शेवटचं शून्य पुरं होतंय तोवर कट्ट्यावरून एक बाई उठली, पदर सावरत रांगेच्या कडेनं त्याच्याकडं यायला लागली.